बारा पाचुंदे वैरण

“मामा, आकडा सांगा. फक्त आकडा. बाकी काही नको.”

“सांगितला की मगाशी. बारा.”

“बरं. आता एकदा वैरण टाका. टाकली? आता किती?”

“अकरा.”

मी दुकानातल्या कॉम्प्युटरवर अकरा टाइप केलं, ‘पुढचा स्कॅन’ दाबलं आणि पुन्हा तेच. सापडलं काय, तर शून्य. सकाळपासून हाच तमाशा चालला होता. समोर एक बाई आधार कार्डाच्या झेरॉक्ससाठी ताटकळल्या होत्या आणि खांद्यानं कानाशी दाबून धरलेल्या फोनमधून सासरे विचारत होते, “पाव्हणं, आजून किती येळ? गायी वरडाया लागल्यात.”

गायी कसल्या ओरडतायत! गायी कॉम्प्युटरमधल्या होत्या.

माझं सावेडीत कॉम्प्युटर दुरुस्तीचं आणि झेरॉक्सचं दुकान आहे. बायको दया एका खाजगी दवाखान्यात नर्स. आणि हे कृपादान, तिचे वडील. तिसगावला जनावरांच्या दवाखान्यात परिचर म्हणून त्यांनी आख्खी नोकरी काढली. फाटक उघडायचं, आवार झाडायचं, गायीची मान धरायची, जखमा धुवायच्या, बांबूच्या नळकांड्यानं औषध पाजायचं. डॉक्टर आले आणि बदलून गेले, हे तिथंच. आजूबाजूच्या वाड्यावस्त्यांवरचे लोक यांनाच डॉक्टर म्हणायचे. अर्धी थट्टा, अर्धा मान. मानाचा अर्धा भाग ते घ्यायचे आणि थट्टेचा सोडून द्यायचे, इतका सरळ माणूस.

सासूबाई गेल्या आणि मामा विसरायला लागले. आधी चष्मा, मग दुपारचं जेवण झालं की नाही ते, मग बायको गेलीय हे. दयानं त्यांना आमच्याकडे आणलं. इथल्या डॉक्टरांनी डोक्याचा स्कॅन केला. त्या स्कॅनला काही एरर आली नाही, सगळं स्वच्छ दिसलं. मेंदू आक्रसत चाललाय म्हणाले, आणि आता तो तसाच आक्रसत जाणार.

आता फ्लॅटमध्ये असल्या माणसानं दिवसभर करायचं काय? टीव्ही लावला तर ते टीव्हीतल्या माणसांना पाणी विचारायचे. एक गिऱ्हाईक जुना कॉम्प्युटर टाकून गेलं होतं, त्यात शेतीचा एक गेम होता. चार गायी, गव्हाण, कडब्याची गंजी, आणि कोपऱ्यात वैरणीचा आकडा. माऊसनं गंजीवर दाबलं की वैरण गव्हाणीत पडायची आणि गायी माना खाली घालायच्या. मी सहज लावून दिला. मामा पडद्यासमोर बसले ते उठेचनात. “हिचा मागला डावा पाय दुखतोय,” म्हणाले. चौघींतली एक लंगडी आहे हे मला आजतागायत दिसलेलं नाही. पण ते खूश होते, आणि दया तर त्या दिवशी किती महिन्यांनी हसली.

घोडं पेंड खात होतं ते वेगळ्याच जागी. मामा वैरण टाकायचे आणि टाकली हे विसरायचे. म्हणून पुन्हा टाकायचे. दुपारपर्यंत गंजी संपायची. नवी वैरण हवी तर गेममध्ये शेत पिकवायला लागायचं, आणि ते काही त्यांच्या आवाक्यात उरलं नव्हतं. मग आकडा शून्यावर यायचा आणि गायी एकेक करून आडव्या व्हायच्या. दुसऱ्या दिवशी गेम नव्यानं लावायचा, की पुन्हा तेच. मामा धाय मोकलून रडायचे हो! पासष्टी ओलांडलेला माणूस, कॉम्प्युटरवर कपाळ टेकून. थोड्या वेळानं गायी विसरायचे, पण दुःख तेवढं अंगात राहायचं. मग कशाचं ते न कळता चपला घालून बाहेर पडायचे. एकदा भिस्तबागेजवळ ट्रकच्या पुढ्यात उभे होते. आमच्या ओळखीच्या रिक्षावाल्या छगननं हाताला धरून घरी आणलं. “जपा त्यांना,” एवढंच म्हणाला.

गेम काढून टाकला, तेही करून पाहिलं. तर दिवसभर खाली पार्किंगमध्ये गाड्यांच्या मधून गायी शोधत फिरले. गेम परत घातला. म्हणजे गेम ठेवायचा होता, गायी मरू द्यायच्या नव्हत्या, आणि मामांना रस्त्यावर जाऊ द्यायचं नव्हतं. एवढंच मागणं होतं आमचं. रोज रात्रीच्या प्रार्थनेत दया तेच मागायची आणि मी मुकाट आमेन म्हणायचो.

इंटरनेटवर शोधता शोधता मला ते सॉफ्टवेअर सापडलं. चालू गेमची मेमरी चाळून त्यातले आकडे बदलणारं. गेममधला प्रत्येक आकडा कॉम्प्युटरच्या मेमरीत कुठे ना कुठे बसलेला असतो. आत्ताचा आकडा सांगायचा, मग ते सॉफ्टवेअर तो आकडा असलेल्या सगळ्या जागा काढतं. लाखभर निघतात. मग गेममध्ये आकडा बदलायचा आणि नवा सांगायचा. लाखाच्या शंभर होतात, शंभराची एक. ती एक सापडली की तिथला आकडा वाढवा, नाहीतर कुलूप लावून टाका. पोरं यानं गेममध्ये कधी न मरणारे शिपाई करतात. आम्हाला नुसता कडबा हवा होता.

पण स्कॅन काही लागेना. आधी गेमची मेमरी उघडता येत नाही म्हणालं, तर त्याला जादा अधिकार देऊन चालू केलं. मग अँटिव्हायरसनं त्यालाच व्हायरस समजून हाकलून दिलं. त्याची समजूत काढली. मग डिस्कवर जागा नाही म्हणून स्कॅन मधेच तुटला. साफसफाई केली. आणि आता सगळं सुरळीत चालून उत्तर शून्य. पूर्णांक म्हणून शोधलं, अपूर्णांक म्हणून शोधलं, आकडा आत उलटसुलट करून ठेवला असेल म्हणून तसंही शोधलं. घरचा कॉम्प्युटर मी दुकानातून इंटरनेटवरून चालवत होतो. गेमच्या जागी मला नुसता काळा चौकोन दिसायचा, म्हणून आकडा मामांना फोनवर विचारायचा. माऊस ते दुसऱ्या कुणाला देत नव्हते. जनावरं त्यांची होती ना.

शेवटी हात टेकले आणि जेवायला घरी गेलो. मामा पडद्यासमोर बसलेले.

“किती झाली वैरण?” मी असंच विचारलं.

“नऊ.”

मी पडद्यावर पाहिलं. कोपऱ्यात पंचेचाळीस.

“मामा, पंचेचाळीस आहे की!”

“मंग? नऊच की,” ते माझ्याकडे कीव आल्यासारखे बघत म्हणाले. “पाच पेंढ्यांचा पाचुंदा. नऊ पाचुंदं झालं. पेंढ्या कोन मोजीत बसतंय, पाव्हणं?”

मी कपाळावर हात मारला. साठाचे बारा, पंचावन्नाचे अकरा! सकाळपासून मी त्या बिचाऱ्या सॉफ्टवेअरला नको नको ते बोललो होतो आणि माझा सासरा आकडे पाचानं भागून देत होता. राग यायला हवा होता. पण मी हसत सुटलो. आज वार कोणता हे ज्याला सांगता येत नाही, तो माणूस डोळ्याचं पातं लवायच्या आत पाचानं भागत होता. डॉक्टरांच्या त्या स्कॅनमध्ये हे कुठे दिसलं होतं?

मग काय, तिथंच लॅपटॉप उघडून बसलो. ते सांगत गेले आणि मी पाचानं गुणत गेलो. पाच-सहा वेळा वैरण टाकून होईपर्यंत एकच जागा उरली. तिथे साठ टाकले आणि कुलूप लावलं. आता कितीही टाका, आकडा साठच्या खाली येणार नाही. दुकानात परत जाताना मी शीळ घालत होतो.

चार वाजता दयाचा फोन. सकाळची ड्यूटी करून ती नुकती घरी पोचली होती.

“सॅमसन, ये लवकर. पप्पा काहीतरीच करतायत.”

जाऊन बघतो तर स्वयंपाकघरात गूळ, ओवा, सुंठ सगळं सांडलेलं. कीबोर्ड चिकट झालेला. मामा स्टीलचा पेला पडद्यातल्या गायीच्या तोंडाला लावून उभे होते आणि काढा टेबलावरून खाली ठिबकत होता.

“पी, बाय माझी. घोटभर पी,” ते म्हणत होते. मला बघून वळले. “पाव्हणं, घात झाला. सकाळधरनं वैरण टाकतोय, गंजी जागची हलंना. एका बी जनावरानं तोंड लावलं न्हाई.”

मला आधी काही कळेना. दयाला मात्र कळलं. “जनावर आजारी पडलं की पहिली वैरण सोडतं,” ती हळूच म्हणाली. “गोठ्यात शिरलं की पप्पा पहिलं तेच बघायचे. गव्हाणीत काय उरलंय ते.”

झालं! मी वैरण संपू दिली नाही, म्हणजे त्यांच्या लेखी गायींनी खाणं सोडलं. चारीच्या चारी एकदम. काही साथ आली असेल, असं ते पुटपुटत होते. मी सांगायला गेलो की मामा, तो आकडा मीच बांधून ठेवलाय. कुणाला सांगत होतो कुणास ठाऊक. दयानं ताट वाढलं. ते त्यांनी बाजूला सारलं.

“जनावरं उपाशी हायती अन् मी जेवू व्हय?”

त्यांनी नुसती प्रार्थना केली. मुक्या जिवांना बरं कर, प्रभू, एवढीच. ताट तसंच राहिलं.

सकाळी आकड्याचं कुलूप काढतो म्हणालो होतो. मी आंघोळीला गेलो, दया डबा भरत होती, तेवढ्यात मामा निघून गेले. गावभर शोधलं. चर्चपर्यंत जाऊन आलो, बसस्टँड पालथा घातला. ऊन डोक्यावर आलं तेव्हा छगनचा फोन आला. भिंगारच्या पुढे, तिसगावकडे जाणाऱ्या पाथर्डी रस्त्याला सापडले. अनवाणी. हातात खोकल्याच्या औषधाची रिकामी बाटली. तिसगावच्या दवाखान्यातून औषध भरून आणायचंय म्हणत होते आणि रिक्षात बसायला तयार नव्हते. शेवटी छगननं थाप मारली, डॉक्टरांनी तुम्हाला न्यायला रिक्षा पाठवलीय म्हणून. तेव्हा बसले.

दोन्ही तळव्यांना फोड आले होते. दयानं परातीत पाणी घेऊन पाय धुतले, मलम लावलं, पट्ट्या बांधल्या. मग मान वर न करता म्हणाली, “काढ ते कुलूप. खाऊ देत त्यांना. मेल्या तर मेल्या.”

कुलूप काढलं. मामांनी वैरण टाकली, आकडा खाली आला, गंजी थोडी बसली. “खाल्लं! खाल्लं बग, दया!” असं म्हणत ते लहान पोरासारखे टाळ्या वाजवायला लागले. आणि मग स्वतः दोन भाकरी खाल्ल्या.

मेल्या तर मेल्या असं म्हणायला ठीक आहे. पण मेल्या की पुन्हा तेच रडणं, तोच रस्ता. मग मी मधला मार्ग काढला. कुलूप नाही लावायचं. खाऊ द्यायचं, संपत आणू द्यायचं, आणि संपायच्या आधी दुकानातून आकडा वाढवायचा. पण आपोआप गंजी वाढलेली मामांना चालायची नाही. वैरण कुठून तरी यायला हवी. म्हणून फोन करायचा.

“मामा, वैरणीचा टेम्पो आलाय.”

“कुठला?”

“तिसगावचा.”

“वल्ली न्हाई ना? वल्ली आसंल तर माघारी धाडा.”

“खडखडीत वाळलेली आहे. उतरून घेऊ?”

“घ्या. मान्सांना च्या पाजा.”

आणि मी आकडा साठ करायचो. दुकानातली गिऱ्हाइकं माझ्याकडे बघायची. बघू देत! सगळं वर्षभर आमच्या घरात गायी मेल्या नाहीत. दया ड्यूटीवरून आली की दारातच विचारायची, “आज रडले?” मी म्हणायचो, “नाही.” मग ती चपला काढायची.

एकच भानगड होती. गेम बंद करून चालू केला की त्या आकड्याची मेमरीतली जागा बदलते. कालचा पत्ता आज चालत नाही. रोज सकाळी स्कॅन नव्यानं करायला लागायचा, आणि मामा आवरून पडद्यासमोर बसेपर्यंत मला दुकान उघडायची वेळ झालेली असायची. म्हणजे रोज सकाळी मी विचारणार, मामा, किती? आणि ते सांगणार, बारा. टाका. अकरा. टाका. धा. माझ्या बोटांनाही पाचाच्या पाढ्याची सवय झाली.

दिवाळीच्या सुमारास एका सकाळी ते “बारा” म्हणाले, मग “अकरा”, आणि मग पुन्हा “बारा”. मला वाटलं चुकले असतील. पुढच्या आठवड्यात “सोळा” म्हणाले. मग नुसतं “लई हाय.” शून्य, शून्य, शून्य. आता चूक सॉफ्टवेअरची नाही आणि पाचुंद्यांचीही नाही, हे मला कळत होतं. दयाला सांगितलं नाही.

त्या सॉफ्टवेअरमध्ये आकडा माहीत नसला तरी शोधायची सोय आहे. आकडा सांगायचाच नाही. कमी झाला की वाढला, एवढंच सांगायचं. वेळ फार लागतो, डिस्क भरते, स्कॅन मधेच तुटतो. तुटू दे. मी ते सुरू केलं.

“मामा, वैरण टाकली? आता कमी झाली का?”

“व्हय. कमी झाली.”

“पुन्हा टाका.”

“कमी झाली.”

नाताळात केकचा तुकडा त्यांनी गायीसाठी बाजूला ठेवला. आणि पुढे-पुढे मी विचारलं की ते थांबायला लागले. कमी झाली म्हणायचे, पण माऊसचा आवाज आलेलाच नसायचा. मला ते लग्नापासून पाव्हणं म्हणत आले. त्यामुळे मी कोण हे ते कधी विसरले, ते मला कळलंच नाही. रोज तेच पाव्हणं, तोच मान, तेच तुमी-आमी. एकदा म्हणाले, “पाव्हणं, तुमचं गाव कंचं?” मी सावेडी म्हटलं. “लांब हाय,” म्हणाले.

आणि मग परवाचा दिवस. सकाळी मी गेम लावून दिला आणि दुकानात येऊन फोन केला.

“मामा, वैरण टाकली?”

नुसता श्वासाचा आवाज.

“मामा, वैरण.”

“वैरन?” ते म्हणाले. आणि सौजन्यानं विचारलं, “म्हंजी काय?”

मी फोन धरून बसलो. शब्द गेला होता. आकडा नाही, शब्दच. स्कॅन तीनदा लावला, तीनदा तुटला. मग बॅटरी बदलायला एक जण लॅपटॉप घेऊन आला, मग कॉलेजची पोरं आली, आणि दुकान सोडून घरी जायला मला दुपार झाली. आता आत काय बघायला लागणार ते मला माहीत होतं.

चारी गायी आडव्या पडल्या होत्या. समोर मामा बशीतला चहा पीत बसले होते. बिस्कीट बुडवायचं, वाकून अलगद तोंडात घालायचं, सगळं व्यवस्थित. शर्टावर एक थेंब नाही.

“मामा, गायी,” मी म्हणालो.

त्यांनी पडद्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे.

“कुनाच्या?”

मला काय झालं कुणास ठाऊक. मी त्यांच्या पुढ्यातला माऊस घेतला. त्यांनी तो घेऊही दिला, पहिल्यांदाच. कोपऱ्यात शून्य होतं. दाबून बघितलं, काही पडलं नाही. मी गेम बंद केला. वर्षभर ज्या रडण्याला घाबरून जगलो ते रडणं आता येणार नव्हतं. चपला घालून कुणी रस्त्यावर जाणार नव्हतं. आमचं मागणं एका अर्थी पूर्ण झालं होतं. असं व्हावं म्हणून आम्ही ते मागितलं नव्हतं, प्रभू.

जिन्यात दयाची पावलं वाजली. तिनं दारातच विचारलं, “आज रडले?”

“नाही.”

“वैरण पुरली?”

“नाही पुरली. सगळ्या गेल्या.”

ती माझ्याकडे बघत राहिली. मग आत, खुर्चीत शांत बसलेल्या वडिलांकडे बघितलं. नर्स आहे ती, तिला फोड करून सांगावं लागत नाही. चपला तशाच पायात ठेवून ती उंबऱ्यावर खाली बसली आणि पदर डोळ्यांना लावून रडायला लागली. इतकी मोठ्यानं ती आईच्या वेळीही रडली नव्हती. मी उठायला गेलो, पण माझ्या आधी मामा उठले होते. बशी टेबलावर ठेवली, टोपी नीट केली आणि भिंतीला धरत तिच्यापर्यंत गेले. दवाखान्याच्या फाटकात रडत आलेल्या बायकांजवळ जसे थांबत असतील तसे, जरा अंतर राखून थांबले.

“रडू नगंस, बाई,” ते म्हणाले. “कुनाचं जनावर गेलं?”

दयानं डोळे पुसले नाहीत. तिनं त्यांच्याकडे वर बघितलं.

“आमचं,” ती म्हणाली.

मामांनी मान हलवली. मग गुडघ्यावर हात टेकत ते तिच्या शेजारी उंबऱ्यावर बसले आणि डोक्यावरची टोपी काढून मांडीवर ठेवली.